रिपेकाचा विस्तव

आर्डवीन, ११ जून १८७६

मर्डो बाळा,

आशीर्वाद. बाळा म्हटलं म्हणून कपाळाला आठ्या घालू नकोस. तिकडे वेलिंग्टनला तू कर्नल मॅकास्किल असशील, सभागृहात बोलायला उभा राहिलास की बाकीचे माना वळवून ऐकत असतील; पण लहानपणी तुझं नाक मी माझ्या शालीच्या टोकानं पुसलेलं आहे. लोकरीचा एकच मोजा घेऊन गेलास. दुसरा पलंगाखाली सापडला. जखमेच्या पायाला थंडी बाधते हे तुला पन्नाशी उलटली तरी कळू नये म्हणजे कमाल आहे. या टपालानं पाठवते आहे, घाल.

तू गेल्यापासून पाऊस थांबलेला नाही. ओढा भरून वाहतोय, तरी सकाळ-संध्याकाळ मी पलीकडे जाऊन येते. रिपेकाचा विस्तव उत्तम आहे. झोपायच्या आधी निखारे गोळा करून राखेखाली पुरायचे, आईनं शिकवलेली प्रार्थना म्हणायची, आणि पहाटे राख बाजूला सारली की ते आपले लालबुंद. इथल्या मानुका झाडाचं लाकूड आपल्या बेटावरच्या पीटसारखं, त्या दलदलीतल्या वाळवलेल्या मातीच्या ढेपांसारखं, सुस्त नाही, चटकन जळून जातं, पण आता मला त्याच्या खोडी कळल्यात.

म्हातारी उत्तरेला गेली ती अजून तिकडेच आहे. लेक गोवरानं गेली, आता नातवंडं अंथरुणाला खिळलीत. जायच्या दिवशी दारात येऊन उभी राहिली. इथल्या मूळच्या लोकांच्या तोंडी मी एफीची एपी. म्हणाली, "एपी, तुझ्या घरचा विस्तव दहा वर्षांत मी विझलेला पाहिला नाही. माझाही सांभाळशील?" मी म्हटलं, "बाई गं, हे काय विचारणं झालं? आमच्या बेटावर शेजारीण बाळंत झाली की दुसरी शेजारीण तिचा विस्तव राखते. राखला हिनं तरी विस्तव तिचाच." तिनं त्यांच्या रीतीनं निरोपाला माझ्या नाकाला नाक लावलं आणि गेली.

तुला हे सगळं ठाऊक आहेच. त्या संध्याकाळी तू काठी टेकत माझ्यामागं ओढा ओलांडून आलास, तिच्या चुलीपाशी बसलास, माझ्या हातचा चहा घेतलास. "आईसारखीच राखतेस, ताई," म्हणालास. दहा वर्षांत पहिल्यांदा तू त्या झोपडीत पाय ठेवलास. खोटं कशाला सांगू, मला भरून आलं.

लढाई संपली तेव्हाचं मला आठवलं. तिची झोपडी आहे त्याच नदीकाठावर तू टोपी काढून उभा होतास, आणि त्यांच्याच भाषेत त्यांना वचन दिलं होतंस: "तुमचा विस्तव इथं पेटता आहे तोवर हा काठ तुमचा." बाकी सगळं सरकारनं घेतलं, त्यातलंच आपलं हे आर्डवीन. तेवढा काठ राहिला. रिपेकाचा नवरा तिथं पुरलाय, दोन मुलगे पुरलेत. ते कुणाच्या गोळीनं गेले ते या पत्रात लिहीत नाही.

मोजा घाल.

तुझी
एफी

आर्डवीन, २ जुलै १८७६

मर्डो,

तुझ्या कारभाऱ्याला आवर. हा डूगी काल सकाळी दोन मोजणीदार घेऊन रिपेकाच्या काठावर आला आणि कबरींच्या अलीकडून पलीकडून खुंट्या ठोकू लागला. मी विचारलं, "हे काय चाललंय?" तर दात काढून म्हणतो, "पूल, बाईसाहेब! कर्नलसाहेबांचा पूल!" मी म्हटलं, "मग नदीत ठोक की खुंट्या, मेलेल्यांच्या उशाशी कशाला?" तर म्हणे साहेबांना विचारा. म्हणून विचारते.

पूल हवा, हे मला मान्य आहे. गेल्या वर्षी होडी उलटून फर्ग्युसनांची सून बुडाली, तिला मीच अंघोळ घालून पेटीत ठेवली. निवडणुकीत तू लोकांना पुलाचा शब्द दिलास तेव्हा मीही टाळ्या वाजवल्या. पण नदी काय तेवढ्याच ठिकाणी वाहते? डूगी म्हणतो खडक तिथंच आहे, बाकी सगळी दलदल. असेल. मग रिपेकाला विचार. म्हातारी हट्टी आहे, पण आपल्या दोघांहून जास्त नाही.

एक खुंटी मी उपटली आणि चुलीत घातली. छान जळली.

परवा पाओरा येऊन गेला. रिपेकाचा उरलेला एकच मुलगा तो. बहिणीला आणि तिच्यामागून तिच्या लेकराला पुरून सरळ इकडे आला, आईचा निरोप घेऊन: नातवंडांतलं एक गेलं, दोन झुंजतायत, नद्यांना पूर आहे, ऑगस्टच्या आधी येणं होत नाही. ओलाचिंब झाला होता. मी म्हटलं, "ये, विस्तवापाशी बैस. आणि एक लाकूड घाल बघू तुझ्या हातानं, तुझ्या आईला बरं वाटेल." तो उंबऱ्याबाहेरच उभा राहिला. म्हणाला, "कसा घालू? हे हात बहिणीच्या मढ्याला लागलेत. शुद्ध होईतो विस्तवाला शिवता येत नाही मला, अन्नालाही नाही." खरंच की! इतकी वर्षं यांच्यात राहून मी विसरले. त्याला बाहेरच बसवून काडीच्या टोकाला बटाटा टोचून मी भरवला, एवढ्या थोराड बाप्याला. मला हसू आलं, त्याला नाही.

निघताना म्हणाला, "एपी, आईचा तुझ्यावर जीव आहे. माझा नाही."

"माझ्यावर नाही की माझ्या भावावर?"

"तुम्ही एकाच ताटात जेवता ना?"

मी म्हटलं, "अरे, कानारानं वचन दिलंय." ते तुला कानारा म्हणतात, कर्नलचं त्यांनी केलेलं रूप. पाओरा म्हणाला, "हो. आणि आम्ही ऐकलंय." एवढंच बोलला आणि पावसात चालता झाला.

खुंट्यांचं काय ते कळव.

एफी

आर्डवीन, ३० जुलै १८७६

मर्डो,

तुझं पत्र तीनदा वाचलं. पहिल्यांदा वाटलं माझ्याच डोळ्यांत काही गेलंय.

तू लिहितोस की काठाचा निकाल जमीन-कोर्टापुढे लावून घ्यायचा आहे. लिहितोस की वचन "त्यांच्या" विस्तवाचं होतं, आणि यंदाच्या हिवाळ्यात तिथं त्यांचा विस्तव नाही. लिहितोस की ताई, तुला बोलावणं येईल, घाबरू नकोस, फक्त खरं सांग. खरं सांग! तुला चांगलं माहीत आहे की बायबलवर हात ठेवून मला खोटं बोलता येत नाही. भीतीनं नव्हे, तो माझा पिंडच नाही. म्हणून तू मला साक्षीला बोलावतोयस. डूगीला नाही, मोजणीदारांना नाही. मला.

म्हणजे तू त्या संध्याकाळी चहा प्यायला आला नव्हतास.

कागद फाडून पुन्हा लिहायला घ्यावं असं वाटलं होतं, पण राहू दे तसंच.

आता शांतपणे सांगते, ऐक. विस्तव तिचा आहे. तिनं पेटवलेला आहे, तिच्या सासूच्या सासूनं पेटवलेला आहे. मी फक्त लाकडं घालते. गाय शेजाऱ्यानं पिळली म्हणून ती काय शेजाऱ्याची होते? तू म्हणशील, हा आपल्या बेटाचा न्याय झाला, त्यांच्यात ज्याचा हात त्याचा विस्तव. असेल. पण मग तू कुठल्या न्यायानं चाललायस? वचन द्यायला त्यांचा न्याय, मोडायलाही त्यांचाच, आणि मधला नफा मात्र आपला!

पाओराचंही तू विचारलंस. आला होता का, त्यानं लाकूड घातलं का. मीच तुला लिहून बसले, आता काय लपवू? नाही घातलं. का नाही घातलं हे तुला कोर्टापेक्षा जास्त कळतं. त्यांच्या चालीरीती तुझ्याइतक्या या अख्ख्या खोऱ्यात कुणाला ठाऊक नाहीत. लढाईत त्याच जोरावर तू जिंकलास. त्यांचे प्रार्थनेचे दिवस कोणते, मढी उचलायला ते कधी येतात, सगळं पाठ होतं तुला.

डूगी सांगत होता की पुलाचं काम सुरू झालं की तुला मंत्री करणार. म्हातारीला बाजूच्या दलदलीत दुसरी जागा देतोस म्हणे. तिथं बेडूकसुद्धा खोकतात.

मागे घे हे. अजून कुणी काही ऐकलेलं नाही. मी हात जोडते, मर्डो. आयुष्यात तुझ्याकडे काही मागितलं नाही. तुझ्या मुलांना वाढवलं, तुझी बायको गेली तेव्हा तुझं घर सांभाळलं, लग्न केलं नाही. हे मी मोजून दाखवणार नव्हते. आज दाखवते.

एफी

आर्डवीन, १९ ऑगस्ट १८७६

कर्नलसाहेब,

तुम्ही निकाल लागल्या लागल्या घोड्यावर बसलात. पुढचं पाहायला थांबला नाहीत, म्हणून कळवते.

तुमचं भाषण फार सुंदर झालं. त्यांच्या भाषेत, त्यांच्याच म्हणी घालून, हातात काठी फिरवत. मागच्या बाकावरचे दोन म्हातारे सवयीनं माना डोलवत होते, बिचाऱ्यांना शेवटपर्यंत कळलं नाही की आपलंच घर जातंय. मग मला उभी केलीत. जून महिन्यापासून त्या चुलीत लाकूड कोणी घातलं? मी. रिपेकाच्या घरच्या कुणी हात लावला? नाही. पाओरा आला होता? आला होता. त्यानं घातलं? नाही, पण त्याचे हात... "विचारलं तेवढंच सांगा," न्यायाधीश म्हणाले. मी म्हटलं, मला तिनं सांगितलं होतं म्हणून मी... "बाई, विचारलं तेवढंच." तुम्ही त्या वेळी खिडकीबाहेर बघत होतात. मग त्यांनी निकाल वाचला: जूनपासून त्या काठावरचा विस्तव मिस युफेमिया मॅकास्किल यांचा होता, अन्य कोणाचाही नव्हता. अट मोडली. काठ आर्डवीनमध्ये सामील.

रिपेका आदल्याच दिवशी पोहोचली होती. निम्मी झालीय. कोर्टात ती शेवटच्या बाकावर शाल गुंडाळून बसली होती. संध्याकाळी आपलं सामान काढायला काठावर आली. दोन चटया, एक लोखंडी भांडं, नवऱ्याचा कोट. मी मडक्यात निखारे भरून तयार ठेवले होते. म्हटलं, "रिपेका, हे घे. जिथं जाशील तिथं लाव. तुझा आहे."

तिनं मडक्याकडे पाहिलं. "तुझा आहे, एपी," म्हणाली. "कागदावर लिहिलंय."

"मला नकोय गं कागद!"

"मलाही नको होता."

मी तिचे पाय धरले, मर्डो. चिखलात. तिनं मला उठवलं, माझी शाल नीट केली, जसं काही मीच दुखणाईत. आणि गेली. पाओरा माझ्याकडे बघून थुंकला. बरं केलं त्यानं.

आता तू ऐक. तू पाच वर्षांचा होतास, तुला आठवत नाही म्हणतोस. मला आठवतं. जमीनदाराचा कारभारी आपल्याला घराबाहेर काढायला चार माणसं घेऊन आला, आई चुलीपुढे उभी राहिली, तिला ढकलून त्यांनी आपल्याच गाईचं दूध आपल्याच विस्तवावर ओतलं. घरभर जळक्या दुधाचा वास. छप्पर नंतर काढलं, आधी विस्तव विझवला. आई त्या रस्त्यानं चालायला लागली ती आठवड्यानं गेलीच. ज्याचं जळतं त्याला कळतं, असं म्हणतात. खोटं आहे. तुझं जळलं, तुला काय कळलं? एवढंच कळलं की ओतणारा व्हावं.

त्या कारभाऱ्यानं निदान आपल्या बहिणीच्या हातानं ओतलं नव्हतं.

युफेमिया मॅकास्किल

आर्डवीन, ५ सप्टेंबर १८७६

मर्डो,

मंत्री झाल्याचं वाचलं. अभिनंदन. डूगीनं बंदुकीचे बार काढले, गाई बिथरल्या.

रिपेका दलदलीत कापडाच्या पालाखाली आहे. खोकते. बार्लीची पेज घेऊन गेले तर पाओरानं परत पाठवली. म्हणाला, "तुझ्या चुलीवरचं नको." दुसऱ्या दिवशी फर्ग्युसनबाईंच्या हातून पाठवली, तेव्हा घेतली. माझीच पेज होती, पण ते त्याला सांगू नका म्हटलं.

तुझा नवा हुकूमही वाचला. काठाला कुंपण, फाटकाला कुलूप, कोणालाही आत सोडू नये. कोणालाही म्हणजे कबरींवर येणाऱ्यांनाही? उत्तर नको देऊस, डूगीनं दिलंय.

मी तुझं घर सोडलं. किल्ल्या टेबलावर ठेवल्यात, चांदीच्या काट्या-चमच्यांचं कपाट बंद आहे, हवं तर डूगीकडून मोजून घे. मी रिपेकाच्या झोपडीत राहते. डूगी हबकला. "बाईसाहेब, लोक काय म्हणतील?" मी म्हटलं, "लोक म्हणतील कर्नलची बहीण वेडी झाली. तसंच सांग." कुंपण घातलंत ते मला आत ठेवून घातलंत.

एफी

रिपेकाच्या काठावरून, २७ सप्टेंबर १८७६

मर्डो,

तुझी तार मिळाली. "प्रेत कोणाच्या परवानगीने पुरले." उत्तर देते, सभागृहात वाचून दाखवलंस तरी चालेल.

रिपेका गेल्या गुरुवारी गेली. शुद्धीत होती. मला बोलावलं नाही, आणि मी आपणहून गेले नाही. तेवढी लाज मला आहे. शुक्रवारी ते तिला बैलगाडीवर घालून फाटकाशी आले. पाओरा, चार बायका, ते कोर्टातले दोन म्हातारे. नवऱ्याशेजारी जागा हवी, एवढंच मागणं. फाटकावर तुझा सार्जंट आणि तीन शिपाई. ते कुलूप उघडायला तयार नाहीत. पाऊस सुरू. त्या बायकांनी तिथंच रस्त्यावर रडायला सुरुवात केली. तो शोक तू ऐकलेला आहेस, लढाईत. शुक्रवार गेला, शनिवार गेला. रविवारी वारा फिरला आणि सार्जंट तोंडाला रुमाल लावून उभा राहिला. त्या बायकांनी नाकाला शालीचं टोकही लावलं नाही.

खोटं कशाला बोलू, दोन दिवस मी झोपडीत बसून होते. वाटत होतं तू येशील. तार तर गेलीच असणार तुला, निदान एवढ्यासाठी तरी येशील. कूस एकच आहे आपली. मग रविवारी दुपारी उठले, कोर्टाच्या निकालाची नक्कल घेतली आणि फाटकाशी गेले.

"सार्जंट, कुलूप काढ."

"बाई, कर्नलसाहेबांचा हुकूम आहे."

"कर्नलसाहेबांना हा काठ कशाच्या जोरावर मिळाला?"

"ते मला काय ठाऊक? कोर्टानं दिला."

"मग कोर्ट काय म्हणतं ते वाच. मोठ्यानं वाच." बिचाऱ्यानं अक्षरं लावत लावत वाचलं. विस्तव मिस युफेमिया मॅकास्किल यांचा, अन्य कोणाचाही नव्हता. मी म्हटलं, "कर्नलसाहेबांचा आहे असं कुठं लिहिलंय दाखव. नाही ना? इथं ज्याचा विस्तव त्याचा काठ. आणि तो बघ धूर. आता मला अडवायचं असेल तर कर्नलला सांग कोर्टात जाऊन म्हण की विस्तव माझ्या बहिणीचा नव्हताच. म्हण, ती दुसऱ्या कुणासाठी राखत होती. म्हणेल तो?" सार्जंटनं डोकं खाजवलं. मग शिपायांकडे बघितलं, गाडीकडे बघितलं आणि म्हणाला, "मला काही कळत नाही, बाई. मी जेवायला जातो." आणि किल्ली फाटकावर विसरून गेला. त्याला शिक्षा करू नकोस, तुझ्या सगळ्या फौजेत तोच एक शहाणा आहे.

तेव्हा परवानगी मी दिली. उकरून काढायचं असेल तर आधी तो निकाल खोटा पाड. तो खोटा पडला की काठ रिपेकाचा होता हे सिद्ध होईल, आणि खरा राहिला तर माझा आहे. तुझा पूल दोन्हीकडून अडला. वकील तुझ्याकडे पुष्कळ आहेत, विचार त्यांना.

माझी जीत झाली असं समजू नकोस. पुरून झाल्यावर त्यांच्यातलं कोणी माझ्याशी बोललं नाही. मी बटाटे उकडून ठेवले होते, ते तसेच निवले. उत्तरेला जाऊन राहणार म्हणाले, इथं परत येणार नाहीत. मी पाओराला म्हटलं, "आता काठ सोडवून ठेवलाय मी. झोपडी आहे, विस्तव आहे. ये, राहा. तुझ्या हातानं लाकूड घाल, मी आत्ता निघून जाते."

त्यानं चुलीकडे बघितलंसुद्धा नाही. "तो आमचा नाही," म्हणाला. "आमचा आईबरोबर त्या पालाखाली विझला. हा तू राख, एपी. तुला सवय आहे."

गाडी नजरेआड होईपर्यंत मी फाटकाशी उभी होते. मग आत आले. आता इथं कोणी नाही. मी सकाळी लाकडं फोडते, रात्री निखारे पुरते, आणि ज्या बाईसाठी राखला ती बाहेर वीस पावलांवर मातीत आहे. तिनं विश्वासानं दिलेला विस्तव मी तिच्याकडून काढून घेतला, आणि तो माझा आहे असं कोर्टानं शिक्का मारून दिलंय.

पत्र पाठवू नकोस. इथं एफी नावाची तुझी बहीण राहत नाही.

युफेमिया मॅकास्किल